‘मी खुशाल आहे’: गोल्ड रशमधली पत्रं आणि पटकीची साथ

उंबरठा

मंडळी, बरेच दिवस मनात घोळत असलेला विषय आज लिहायला घेतलाय. मी सॅक्रामेंटोजवळ राहते. गेली दोन वर्षं सवड मिळेल तशी इथल्या राज्य ग्रंथालयात आणि बर्कलीच्या बँक्रॉफ्ट ग्रंथालयात जुनी पत्रं वाचते आहे. कॅलिफोर्नियात सोनं सापडल्यावर जी माणसं इकडे लोटली, त्यांनी घरी पाठवलेली पत्रं.

ज्यांना हा इतिहास माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. २४ जानेवारी १८४८ ला कोलोमा इथे सटरच्या लाकूड कापायच्या गिरणीजवळ, पाण्याच्या चरात, जेम्स मार्शलला सोन्याचे कण दिसले. त्याच वर्षी ५ डिसेंबरला राष्ट्राध्यक्ष पोल्क यांनी काँग्रेसपुढे या बातमीला दुजोरा दिला आणि शेतकरी, कारकून, मास्तर, डॉक्टर घरदार सोडून निघाले. नेमक्या त्याच डिसेंबरात युरोपातून आलेल्या जहाजांबरोबर पटकी, म्हणजे कॉलरा, न्यू यॉर्क आणि न्यू ऑर्लिन्सच्या बंदरांत उतरली. सोन्याची बातमी आणि पटकी एकाच महिन्यात निघाल्या आणि मिसिसिपी-मिसूरीवरच्या त्याच आगबोटींतून पश्चिमेला गेल्या. १८४९ मध्ये एकट्या सेंट लुईस शहरात चार हजारांहून जास्त माणसं दगावली. खुद्द पोल्क पद सोडल्यावर जेमतेम तीन महिन्यांनी, १५ जून १८४९ ला, नॅशव्हिलला वारले. तेही पटकीनेच गेले असं मानलं जातं.

पत्रं वाचायला लागले तेव्हा त्यांच्या पहिल्या ओळी मी चक्क गाळून पुढे जायचे. सगळी एकाच साच्यातली: माझी तब्येत चांगली आहे, हे पत्र पोचेल तेव्हा तुम्हीही खुशाल असाल अशी आशा आहे. आपल्याकडे ‘इकडील सर्व क्षेम, तुमचेकडील क्षेम कळवीत जावे’ असं लिहायचे ना, अगदी तसंच. मला हवं असायचं पुढचं. सोनं किती मिळालं, पिठाचा भाव काय, तंबूत कोण कोण राहतं. चाळीसेक पत्रं झाल्यावर ध्यानात आलं की घरच्यांसाठी खरी बातमी त्या पहिल्या ओळीतच होती. सोन्याचं नंतर. आधी हा जिवंत आहे का? तीसुद्धा सहा-सहा आठवड्यांपूर्वीची बातमी, कारण पनामामार्गे बोटीने पत्र यायला तेवढे दिवस सहज लागत.

आणि ती ओळ दर वेळी खरी नसे. ज्यांची रोजनिशीही शिल्लक आहे आणि पत्रंही, अशा माणसांची दोन्ही शेजारी ठेवून वाचली की अंगावर काटा येतो. रोजनिशीत: आज रस्त्याला अकरा थडगी मोजली, आमच्यातला एकजण सकाळी बैल जुंपत होता, दुपारी पुरला. त्याच आठवड्याच्या पत्रात: वाटेत थोडं आजारपण आहे म्हणतात, पण आमच्या तुकडीला त्याचा फारसा त्रास नाही, काळजी नसावी.

एक पत्र माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. पातळ निळसर कागद, त्याचीच घडी घालून केलेलं पाकीट, ते चिकटवायची लाल वेफर (टिकली) उचकटताना कागदाचा तुकडा फाटून गेलेला. पान आडवं लिहून भरल्यावर कागद फिरवून त्याच मजकुरावर उभ्या ओळी लिहिल्या आहेत, म्हणजे जास्तीच्या कागदाचं टपाल लागू नये. तिसऱ्या बाजूला अक्षर बदलतं. आधीचं बारीक, उजवीकडे झुकलेलं. नंतरचं मोठं, शाळकरी. आजारी माणसाने सांगितलं आणि सोबत्याने लिहिलं असणार. मजकूर मात्र तोच: बरा होत आलोय, काळजी करू नका. सही पुन्हा मूळ माणसाची आहे, ती ओळीच्या खाली घसरत गेली आहे. त्या संचात त्यानंतर त्याचं एकही पत्र नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे की गोल्ड रशची पत्रं आपण सोन्यासाठी वाचतो, ती आजारासाठी वाचली पाहिजेत. आणि आजार त्यांत लपवलेला असतो, तो कसा लपवलाय हे पाहत वाचली पाहिजेत. इथे डॉक्टर आहेत, टपालाचा अभ्यास करणारे आहेत, भाषेतले जाणकार आहेत. तुम्हा सर्वांकडून ऐकायला आवडेल.

नवखा

फार सुंदर लिहिलंय ताई. वाचनखूण साठवली. एक शंका: पटकी तर दाट वस्तीचा, गलिच्छ शहरांचा रोग ना? मैलोन्‌मैल मोकळ्या माळरानावर ती कशी पसरली?

दवाखाना

उत्तम धागा. नवखा यांच्या प्रश्नाचं उत्तर मी देतो, कारण पावसाळ्यात तालुक्याच्या गावी हगवणीच्या साथी पाहण्यात माझी वीस वर्षं गेली आहेत.

माळरान मोकळं होतं, पण रस्ता एकच होता. मिसूरीकाठच्या इंडिपेंडन्स किंवा सेंट जोसेफहून निघायचं आणि पुढे शेकडो मैल प्लॅट नदीच्या काठाकाठाने जायचं. १८४९ च्या एका उन्हाळ्यात त्या वाटेने तीसेक हजार माणसं आणि त्याहून जास्त जनावरं गेली. गवत आणि पाणी जिथे, मुक्काम तिथेच. म्हणजे काल ज्या जागेवर दोनशे माणसं उतरली, तिथेच आज दुसरी दोनशे. पंढरीच्या वाटेवर जुन्या काळी पटकी का फुटायची, ते आठवा. माणसं चालती असली तरी मुक्कामाची जागा तीच असते, आणि तीच घाण होत जाते.

त्यात प्लॅटचं पाणी गढूळ. म्हणून लोक काठावर वाळूत हात-दोन हात खोल खड्डा करत, आपल्याकडे नदीत झरा उकरतात तसा. पाणी वर स्वच्छ दिसायचं. पण शेजारीच शौचाला बसलेली माणसं, आणि काल पुरलेली. ते सगळं वाळूतून झिरपून त्याच खड्ड्यात. जे कॉफीच्या नावाने पाणी खळखळून उकळत, ते नकळत वाचत. फोर्ट लॅरमीच्या पुढे चढ लागला, थंड वाहते ओढे लागले, गर्दी पांगली, तशी साथ ओसरली. त्या काळचे प्रवासी ‘हवा बदलली म्हणून’ असं लिहीत. बदललं होतं पाणी.

आता सकाळी बैल जुंपणारा दुपारी कसा मरतो? पटकीत तांदळाच्या धुवणासारखे जुलाब होतात, जोराच्या आजारात तासाला लिटरभर पाणी शरीरातून जातं. डोळे खोल जातात, बोटं धोब्यासारखी सुरकुततात, पोटऱ्यांना गोळे येतात, आवाज बसतो, कातडी निळसर होते. आणि शुद्ध मात्र बराच वेळ टिकते. माणसाला कळत असतं. उंबरठाताई, ते शेवटचं पत्र सांगून लिहवलेलं आहे ना, ते मला वैद्यकीयदृष्ट्या अगदी पटतं. हातात पेन धरवत नाही, पण डोकं शाबूत असतं.

उपचारांची गोष्ट जास्त दुःखद आहे. कॅलोमेल, म्हणजे पाऱ्याचा क्षार, तोही जुलाब करणारा. लॉडनम, म्हणजे दारूत विरघळवलेली अफू. कापूर. आणि रक्त काढणं. ज्याच्या अंगातलं पाणी चाललंय त्याचं रक्तही काढायचं, आणि तहानेने तडफडणाऱ्याला पाणी द्यायचं नाही, असं बरेच डॉक्टर मानत. खरं उत्तर तोवर सापडून गेलं होतं. १८३२ मध्ये स्कॉटलंडमध्ये लीथ इथे थॉमस लॅटा या डॉक्टरने शिरेतून मिठाचं पाणी दिलं आणि मरायला टेकलेले काही रुग्ण उठून बसले. पण ते पाणी निर्जंतुक नव्हतं, पुरेसं आणि पुन्हा पुन्हा दिलं जात नव्हतं, बरेच रुग्ण पुढे दगावले. लॅटा स्वतःही पुढच्याच वर्षी गेला. पद्धत मागे पडली. प्लॅटच्या वाळूत माणसं पुरली जात होती तेव्हा हा उपाय छापून सतरा वर्षं झाली होती.

टपालवेडा

माझा विषय निघाला, आता राहवत नाही.

पत्राला किती किंमत होती ते सांगतो, मग ती पहिली ओळ का महत्त्वाची ते आणखी कळेल. पूर्वेकडून कॅलिफोर्नियाला अर्ध्या औंसाच्या पत्राला ४० सेंट टपाल होतं. १ जुलै १८५१ पासून आधी पैसे भरले तर ते ६ सेंटवर आलं. पण सरकारी टपाल सॅन फ्रान्सिस्कोपर्यंतच. तिथल्या पोस्टासमोर, बोट आली की, रात्रभर रांगा लागत. माणसं घोंगड्या घेऊन रांगेत झोपत आणि काहीजण आपली पुढची जागा विकत. खाणींच्या डोंगरात पोस्टमन नव्हताच.

तिथे अलेक्झांडर टॉड नावाच्या माणसाने धंदा काढला. स्वतः खाणकाम करायला आला होता, थंड पाण्यात उभं राहणं तब्येतीला झेपेना. मग तो छावण्या-छावण्या फिरून लोकांची नावं लिहून घ्यायचा, सॅन फ्रान्सिस्कोच्या पोस्टात जाऊन त्यांची पत्रं शोधायचा आणि परत डोंगरात नेऊन द्यायचा. एका पत्रामागे एक औंस सोनं! म्हणजे १६ डॉलर. आणि माणसं आनंदाने देत. दिवसभर गुडघाभर पाण्यात परात हलवून जे मिळालं, ते ‘आम्ही सगळे खुशाल आहोत’ या एका ओळीसाठी द्यायचं.

ज्यांची पत्रं कुणी नेलीच नाहीत, त्यांची शेवटी वॉशिंग्टनच्या डेड लेटर ऑफिसात जात. तिथे ती उघडून, पैसे वा दागिना असला तर पाठवणाऱ्याला परत करत, बाकीची जाळत. त्यांतली कितीतरी मेलेल्या माणसांना लिहिलेली असणार. बायकोने मे महिन्यात लिहिलेलं ‘पोराला दात आले’ हे पत्र ज्याच्यासाठी, तो कदाचित एप्रिलातच गेलेला.

आणखी एक. युरोपात साथीच्या काळात टपालालाच संशयित धरत. पत्रांना छिन्नीने चिरा पाडत, गंधकाचा धूर देत, व्हिनेगरमध्ये बुडवत. अशी चिरा पडलेली दोन पाकिटं माझ्या संग्रहात आहेत. हातात घेतली की अजून व्हिनेगरचा डाग बोटाला खरखरीत लागतो.

अबोली

मी फक्त वाचायला येते, लिहीत नाही. आज लिहावंसं वाटलं. आमच्या आजीच्या ट्रंकेत एक कार्ड होतं, कोपरा फाडलेलं. लहानपणी मी म्हटलं, उंदराने खाल्लंय. तर आजी म्हणाली, नाही गं, मरणाची बातमी असली की कोपरा फाडून पाठवायचे, म्हणजे पोस्टमन हातात देतानाच कळायचं. ते कार्ड घरात आणत नसत, ओट्यावरच वाचायचे. मग हे कसं ठेवलंस, विचारलं. तर म्हणे, त्यावरचं शेवटचं अक्षर आमच्या भावाच्या मित्राचं आहे, भावाला शेवटचं पाणी त्याने पाजलं.

उंबरठाताई, त्या लोकांकडे अशी काही खूण होती का? आणि मरणाचं पत्र कोण लिहायचं?

उंबरठा

अबोलीताई, तुमचा प्रतिसाद वाचून थोडा वेळ काही लिहिताच आलं नाही.

हो, तिकडेही खूण होती. शोकपत्राच्या कागदाला काळी कड असे आणि लाखही काळी. पण डोंगरात काळ्या कडेचा कागद कुठला? मिळेल त्या कागदावर लिहायचे. त्यामुळे घरी पाकीट आलं की आधी पत्त्यावरचं अक्षर बघायचे. अक्षर परकं असलं की मग काय ते कळायचंच.

मरणाचं पत्र तंबूतला सोबती लिहायचा. या पत्रांचाही एक साचा आहे आणि तो वाचताना मला फार भरून येतं. आधी, हे लिहिणं माझ्या वाट्याला आलं याचं दुःख. मग तो किती दिवस आजारी होता, कुणी उशाशी बसलं. तो एकटा नव्हता हे आवर्जून. शेवटी काय बोलला, देवाचं नाव घेतलं का, घरच्यांची आठवण काढली का. कुठे पुरलं, ओकच्या झाडाखाली की टेकडीवर, आणि डोक्याशी पाटी लावली हे. मग सामानाचा हिशेब: घोंगड्या, बूट, पिस्तूल छावणीत लिलावाने विकले, इतके डॉलर आले, ते अमक्याबरोबर पाठवतो आहे. घडीत केसांची बट.

त्या काळी माणसाने घरी, आपल्या माणसांत, शांतपणे प्राण सोडावा ही कल्पना फार खोल रुजलेली होती. सोबती ते घरचं मरण कागदावर उभं करून द्यायचा. पटकीच्या रुग्णाचा शेवटचा अर्धा दिवस कसा जातो हे डॉक्टरांनी वर लिहिलंच आहे. ते त्या पत्रांत नसतं. ‘शांतपणे गेला’ असतं. खोटं म्हणवत नाही मला ते.

काळी माती

धागा आवडला, पण दोन ठिकाणी वेगळं मत मांडतो.

एक, रोजनिशी खरी आणि पत्र खोटं अशी सरळ वाटणी करू नये. पुष्कळ रोजनिश्या घरी नेऊन दाखवण्यासाठीच लिहिल्या होत्या. ‘हत्ती पाहिला’ हा वाक्प्रचार त्या सगळ्या लिखाणात येतो, म्हणजे जे भयंकर आणि अचाट ते डोळ्यांनी बघून आलो. थडगी मोजण्यातही थोडा तो भाव आहे.

दुसरं जास्त महत्त्वाचं. पत्रं कुणाची उरली? लिहिता येणाऱ्यांची, आणि ज्यांच्या घरी माळे होते त्यांची. त्याच प्लॅटच्या खोऱ्यात पॉनी या मूळनिवासी लोकांच्या वस्त्या होत्या. १८४९ च्या पटकीत त्यांची हजाराहून जास्त माणसं मेली. दक्षिणेकडच्या शायान लोकांतले निम्म्याच्या आसपास गेले असं मानतात. गाड्या पुढे निघून गेल्या, रोग यांच्याकडे राहिला. आणि कॅलिफोर्नियात तर १८३३ मध्येच सॅक्रामेंटोच्या खोऱ्यात हिवतापाच्या साथीने गावंच्या गावं ओस पडली होती. सोनं सापडलं तेव्हा तिथे दीडेक लाख मूळनिवासी होते, पुढच्या वीसेक वर्षांत तीस हजारांच्या आसपास उरले. त्यांत रोग होता, उपासमार होती आणि सरळसरळ कत्तली होत्या. त्यांच्या बाजूने ‘इकडील सर्व क्षेम’ कुणी कुणाला लिहायचं? चिनी खाणकामगारांची त्या सुरुवातीच्या वर्षांतली पत्रंही फार थोडी हाती आहेत. त्यांच्या लोकांनी मात्र पुढे मृतांची हाडं उकरून, धुऊन, पेटीत घालून गावी पाठवली, म्हणजे अंत्यविधी घरी व्हावा. तेही एक पत्रच म्हणा.

उंबरठा

काळी माती, पहिला मुद्दा मान्य. माझी वाटणी जरा जास्तच सोपी झाली.

दुसऱ्या मुद्द्याबद्दल मनापासून आभार. हे मी मूळ लेखात लिहायला हवं होतं. पत्रांमध्ये मूळनिवासी येतात ते बहुतेक वेळा भीती म्हणून, ‘वाटेत त्यांचा धोका आहे’ म्हणून. एक-दोन ठिकाणीच असं वाचलं की नदीकाठी रिकामे तंबू उभे होते, आत माणसं मरून पडली होती, आम्ही घाईने पुढे गेलो. दोन ओळी, आणि लगेच गवत कसं होतं त्याचं वर्णन.

नवखा

सॅक्रामेंटोत काय झालं? तुम्ही तिथेच राहता म्हणून विचारतो.

उंबरठा

इथली साथ एका वर्षाने आली, १८५० च्या शरदात. ते वर्षच या गावासाठी वाईट होतं. जानेवारीत पूर, ऑगस्टमध्ये जमिनीच्या मालकीवरून दंगल, त्यात महापौर हार्डिन बिगेलो गोळ्या लागून जबर जखमी. ९ सप्टेंबरला कॅलिफोर्निया राज्य म्हणून संघात दाखल झालं, पण तार नव्हती, त्यामुळे ती बातमी बोटीने १८ ऑक्टोबरला सॅन फ्रान्सिस्कोत पोचली. तोफा, मिरवणुका, रोषणाई. आणि दोनच दिवसांनी सॅक्रामेंटोच्या धक्क्यावर पहिला रुग्ण कोसळला.

पुढचे तीन आठवडे शहर रिकामं होत गेलं. बहुसंख्य लोक पळाले. मेलेल्यांचे आकडे सहाशेपासून हजारापर्यंत सांगतात. नक्की कुणी मोजलंच नाही, कारण कितीतरी जणांची नावंच कुणाला ठाऊक नव्हती. डॉक्टर मात्र बहुतेक थांबले आणि त्यांतले सतरा गेले. बिगेलो यांना जखमांतून सावरायला सॅन फ्रान्सिस्कोला नेलं होतं, तेही नोव्हेंबरच्या अखेरीला पटकीनेच वारले.

इथली जुनी दफनभूमी माझ्या घरापासून अर्ध्या तासावर आहे. त्या साथीतले शेकडो लोक तिथे एकत्र पुरलेले आहेत. बाकीच्या भागात संगमरवरी दगड, देवदूत, गुलाबाची झाडं. आणि या भागात नुसतं गवत. मी पहिल्यांदा गेले तेव्हा बाजूने चालत होते की त्यांच्यावरून, तेच कळेना. चप्पल काढून हातात घेतली.

त्या तीन आठवड्यांतली पत्रं मी मुद्दाम शोधली. फार कमी आहेत. पळणाऱ्याला लिहायला वेळ नाही आणि आजाऱ्याला हात नाही. नोव्हेंबरच्या मध्यापासून पत्रांचा पूर येतो, आणि सगळी एकाच ओळीने सुरू होतात. मी खुशाल आहे.

मांडवीकाठ

पणजीहून लिहितोय. पटकीच्या नावाचा एक धागा आमच्या बाजूला येतो, तो इथे नोंदवतो.

१५६३ मध्ये गोव्यात गार्सिया द ऑर्ता या पोर्तुगीज वैद्याचा औषधी वनस्पतींवरचा ग्रंथ छापला गेला. त्यात त्याने पटकीसारख्या आजाराचं वर्णन केलंय आणि इथले लोक त्याला ‘मोरशी’ म्हणतात असं नोंदवलंय. हा शब्द म्हणजे आपला मोडशी. कोकणी-मराठीतला, ‘मोडणे’वरून, माणूस मोडून पडतो तो रोग. त्याच्याही आधी गास्पार कोरेया याने गोव्यातल्या १५४३ च्या साथीचं वर्णन लिहिलंय, त्यातही हाच शब्द आहे. पोर्तुगीजांनी त्याचं ‘मोर्देशिम’ केलं आणि फ्रेंचांनी त्याला ‘मोर द शियँ’ ऐकलं, म्हणजे कुत्र्याचं मरण. दोन-अडीचशे वर्षं युरोपीय डॉक्टर आणि खलाशी पटकीला हे नाव वापरत होते. ते आपल्या मोडशीतून आलंय हे आमच्या इथेही कुणाला माहीत नसतं. आमची आई अजून पोट बिघडलं की ‘मोडशी झाली’ म्हणते.

१८१७ मध्ये बंगालच्या गंगेच्या मुखाकडून निघालेली साथ आशियाभर पसरली, त्याच रोगाची एक नंतरची लाट १८४८ ला अमेरिकेत उतरली.

दवाखाना

मांडवीकाठ, हे वाचून फार आनंद झाला. आमच्याकडे मोडशी म्हणजे आता नुसतं अजीर्ण उरलंय. शब्दातला रोग निघून गेला.

तुमच्या बंगालला जोडून एकच सांगतो. १९७१ मध्ये बांगलादेशातून आलेल्या निर्वासितांच्या छावणीत, सीमेवर बनगावला, पटकी फुटली. सलाईनच्या बाटल्या संपल्या. डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ, साखर आणि खायचा सोडा पाण्यात मिसळून पिंपातून द्यायला लावलं, नातेवाइकांनीच वाटीने पाजायचं. मृत्यूचं प्रमाण ३० टक्क्यांवरून ४ टक्क्यांच्या खाली आलं. प्लॅटच्या वाटेवर प्रत्येक गाडीत मीठ होतं, साखर होती आणि भाकरी फुगवायचा सोडासुद्धा होता. पाणी उकळायला चूल होती. मी हे वाचतो तेव्हा प्रत्येक वेळी त्या सामानाच्या यादीवर थांबतो.

काळी माती

खाणींवर पोचल्यावर पटकीपेक्षा हगवण आणि स्कर्व्ही (ताजी भाजी-फळं न मिळाल्याने होणारा रोग) जास्त लोकांना खिळवून ठेवायची, हेही नोंदवू या. खारवलेलं डुकराचं मांस, पीठ, घेवडा, महिनोन्‌महिने एवढंच. हिरड्या सुजतात, दात हलतात, पायावर काळे डाग. आदिवासी बायका जी हिरवी रानभाजी खायच्या ती खाऊन अनेकजण बरे झाले. त्या भाजीचं आजचं इंग्रजी नावच ‘मायनर्स लेट्यूस’ आहे. भाजी त्यांची, नाव खाणकऱ्यांचं.

टपालवेडा

बोटीने पनामामार्गे येणारेही सुटले नव्हते. संयोगभूमी ओलांडताना पीतज्वर, हिवताप आणि पटकी. १८५२ च्या जुलैत पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले ग्रँट तिथून आपल्या पलटणीबरोबर गेले, तेव्हा न्यू यॉर्कहून निघालेल्यांपैकी सुमारे एक सप्तमांश माणसं तिथेच पुरावी लागली, असं त्यांनी आठवणींत लिहिलंय. १८५५ ला रेल्वे झाली तेव्हा ते चार-पाच दिवसांचं चिखलातलं ओलांडणं काही तासांवर आलं.

उंबरठाताई, एक विचारायचं राहिलं. खाणकऱ्यांनी घरी लिहिलेली पत्रं आपण वाचतो. घरून आलेली कुठे आहेत? बायकांची, आयांची?

उंबरठा

टपालकाका, हाच प्रश्न मला दोन वर्षं छळतोय.

घरी आलेलं पत्र कपाटात राहिलं, नातवंडांनी ते ग्रंथालयाला दिलं. खाणीवर आलेलं पत्र सदऱ्याच्या आत राहायचं. घामाने, पावसाने घड्यांवर फाटायचं. तंबू जळाले त्यात जळायचं. आणि मालक मेला तर सोबती ते बहुतेक वेळा त्याच्याबरोबर पुरायचे. दोन मरणपत्रांत मी वाचलंय: तुमची सगळी पत्रं त्याच्या छातीवर ठेवली.

म्हणून विल्यम स्वेनचा संच मला इतका मोलाचा वाटतो. नायगाराजवळच्या यंग्जटाउनचा शेतकरी, एप्रिल १८४९ मध्ये निघाला. मागे बायको सॅब्रिना, वर्षाच्या आतली मुलगी एलायझा आणि शेत सांभाळणारा भाऊ जॉर्ज. त्याची रोजनिशी आहे, त्याने लिहिलेली पत्रं आहेत आणि सॅब्रिना आणि जॉर्जचीही आहेत. सॅब्रिना एका पत्रात लिहिते की तुमचं नसणं असं जाईल हे आधी माहीत असतं तर मी जाऊ द्यायला कधीच कबूल झाले नसते. तो पोचल्यावर भावाला कळकळीने लिहितो की तू येऊ नकोस, आणि जे कुणी यायचं म्हणत असतील त्यांनाही सांग, या वाटांवर हजारोंनी हाडं ठेवली आहेत. पुढे बायबलमधलं वचन घालतो, हंड्यातच मरण आहे. त्याला पाण्यातल्या जंतूंबद्दल काहीही ठाऊक नव्हतं.

ती घरची पत्रं आज वाचता येतात, कारण विल्यमने ती जपून ठेवली आणि १८५१ च्या सुरुवातीला तो पनामामार्गे स्वतः ती घेऊन घरी पोचला.